हुकूम आणि पुरवठा : मायक्रोकंट्रोलर बोर्डांच्या विद्युत्-मर्यादा

इटलीच्या उत्तर भागातील इव्रेआ या गावी २००५ साली, रचनाशास्त्र शिकवणाऱ्या एका छोट्या संस्थेत, मास्सिमो बान्झी आणि त्यांचे सहकारी यांनी आर्डुइनो नावाचा जो बोर्ड सिद्ध केला, तो मुळात विद्युत्-अभियंत्यांसाठी नव्हताच. ज्यांनी विद्युत्शास्त्राचा रीतसर अभ्यास केलेला नाही अशा विद्यार्थ्यांनाही आपल्या कल्पनेप्रमाणे दिवे उजळता यावेत, मोटरी फिरवता याव्यात, भोवतालच्या उजेडाची अथवा उष्णतेची नोंद घेता यावी, हा त्यामागील हेतू होता. आणि तो हेतू इतका सफल झाला, की आज मुंबईच्या लॅमिंग्टन रोडवर किंवा पुण्याच्या तपकीर गल्लीत या बोर्डाच्या नाना आवृत्त्या आणि नकला सहज मिळतात, आणि अटल टिंकरिंग लॅब असलेल्या शाळांतील मुले त्यावर आपले पहिले प्रयोग करतात. विद्येची दारे अशी सताड उघडणे ही थोर गोष्ट आहे, याविषयी माझ्या मनात तिळमात्र शंका नाही. परंतु या सुलभतेतूनच एक अडचण उपजली, आणि तिचाच विचार येथे करावयाचा आहे.

अडचण अशी, की या बोर्डाकडे येणारा बहुतेक नवखा माणूस प्रोग्रामच्या वाटेने येतो. अमुक पिन ‘हाय’ करावी एवढे एका ओळीत लिहिले की पिनेवर पाच व्होल्ट उभे राहतात. त्या ओळीत किती मिलिअँपिअर प्रवाह घ्यावयाचा हे लिहिण्यास जागा नसते, आणि जास्त घेतला म्हणून प्रोग्राम कधी तक्रारही करीत नाही. पिनेला छोटा एलईडी जोडलेला असो, रिले असो, की खेळण्यातील मोटर असो, संगणकाच्या पडद्यावर तिन्ही ठिकाणी अक्षरे तीच दिसतात. जी मर्यादा प्रोग्रामला ठाऊक नाही ती चिपला मात्र भोगावी लागते, आणि ती लिहिलेली असते चिपच्या शेकडो पृष्ठांच्या डेटाशीटमध्ये, जिथवर नवखा वाचक क्वचितच पोहोचतो. म्हणून २०१० साली आलेला आर्डुइनो ऊनो हा सर्वपरिचित बोर्ड आणि त्यावरील एटीमेगा३२८पी ही चिप नमुन्यादाखल घेऊन, त्या पृष्ठांतील आकडे काय सांगतात आणि का सांगतात, ते पाहू.

ही चिप एव्हीआर नावाच्या घराण्यातली. नॉर्वेतील त्रोंधेम येथे आल्फ-एगिल बोगेन आणि वेगार्ड वोल्लान या दोन विद्यार्थ्यांच्या विचारातून ते घराणे निघाले. तिच्या प्रत्येक पिनेच्या मागे, सिलिकॉनच्या पृष्ठावर, दोन ट्रान्झिस्टर असतात : एक पिनेला वरच्या पाच व्होल्टांशी जोडणारा आणि दुसरा खालच्या शून्याशी, म्हणजे ग्राउंडशी, जोडणारा. ‘हाय’चा हुकूम सुटला की वरचा वाहू लागतो आणि खालचा बंद होतो, ‘लो’चा सुटला की याच्या उलट घडते. आता हे ट्रान्झिस्टर म्हणजे काही आदर्श खटके नव्हेत. वाहत असतानाही त्यांच्या अंगी काही रोध उरतोच, आणि म्हणून जितका प्रवाह जास्त तितके पिनेवरील विभवांतर पाच व्होल्टांपासून खाली घसरते. डेटाशीट याविषयी जी हमी देते ती अशी : पुरवठा पाच व्होल्टांचा असताना पिनेतून २० मिलिअँपिअर बाहेर घेतले, तर तिच्यावर किमान ४.२ व्होल्ट राहतील. आणि तेवढाच प्रवाह पिनेतून आत ओढला, तर तिच्यावरील विभवांतर ०.९ व्होल्टांच्या वर जाणार नाही. ओहमच्या नियमाने हिशेब केला, तर ०.८ भागिले ०.०२, म्हणजे ४० ओहम, हा वरच्या ट्रान्झिस्टरचा वाईटात वाईट रोध ठरतो. नेहमीच्या स्थितीत तो २५ ओहमच्या आसपास असतो.

हा रोध ध्यानात घेतला म्हणजे, पिन आणि ग्राउंड यांमध्ये चुकून उघडी तार पडल्यास काय होईल हे कोणासही सांगता येईल. पाच व्होल्टांना २५ ओहमने भागले की २०० मिलिअँपिअर येतात. मोठ्या प्रवाहाला ट्रान्झिस्टर संतृप्त होत असल्यामुळे प्रत्यक्षातला आकडा याहून कमी राहतो खरा, तरी तो पिनेच्या हद्दीच्या कितीतरी पलीकडे असतो, आणि अशा वेळी पाचच्या पाच व्होल्ट त्या धुळीच्या कणाएवढ्या ट्रान्झिस्टरवर पडून सगळी उष्णता तेथेच निर्माण होते.

पिनेची ही हद्द किती? डेटाशीटमध्ये एका पिनेसाठी ४० मिलिअँपिअर हा आकडा दिलेला आहे, आणि नवख्या वाचकाच्या दृष्टीस बहुधा हाच पडतो. परंतु तो कोणत्या मथळ्याखाली दिलेला आहे हे पाहण्याची तसदी फार थोडे घेतात. मथळा आहे ‘कमाल निरपेक्ष मर्यादा’ या अर्थाचा, आणि त्याखाली निर्मात्याने स्पष्ट ताकीद दिलेली आहे, की या मर्यादा ओलांडल्यास चिपची कायमची हानी होऊ शकते, आणि त्यांच्या काठावर दीर्घकाळ काम केल्यास तिच्या विश्वासार्हतेवर परिणाम होऊ शकतो. म्हणजे ४० हा आकडा वापरण्याची मुभा देणारा नसून, निर्मात्याची जबाबदारी जेथे संपते ती रेषा दाखवणारा आहे. ज्या प्रवाहासाठी विभवांतराची हमी दिलेली आहे तो २० मिलिअँपिअरचा. आणि आर्डुइनोच्या ऊनो बोर्डाच्या तपशिलातही प्रत्येक पिनेसाठी २० हाच आकडा दिलेला आहे. जाणत्या माणसाने रचना करताना त्याच्याही आत, दहाबारा मिलिअँपिअरवर थांबावे, असे माझे स्पष्ट मत आहे. एलईडीच्या उजेडात त्यामुळे पडणारा फरक डोळ्यांना फारसा जाणवतही नाही.

येथे एक आक्षेप नेहमी घेतला जातो. कोणी म्हणतो, ‘मी एका पिनेतून ३५ मिलिअँपिअर महिनाभर घेत आहे, काही बिघडले नाही.’ हा अनुभव खोटा नसतो, पण त्यातून काढलेला निष्कर्ष चुकीचा असतो. ४० मिलिअँपिअरला पिनेच्या ट्रान्झिस्टरमध्ये दीड व्होल्ट पडला असे धरले, तरी निर्माण होणारी उष्णता ६० मिलिवॅटच्या घरात येते, आणि एवढ्याने चिप जळून जात नाही. खरा घात निराळ्या वाटेने होतो. चिपच्या आत प्रवाह वाहून नेणाऱ्या धातूच्या पट्ट्या केसापेक्षाही कितीतरी पटींनी अरुंद आणि पातळ असतात. त्यामुळे प्रवाह थोडका असला तरी त्याची घनता प्रचंड असते, आणि वाहणारे इलेक्ट्रॉन धातूच्या अणूंना ढकलीत ढकलीत हळूहळू जागचे हलवतात. पट्टी एकीकडे झिजते, दुसरीकडे तिला गाठी येतात, आणि अखेरीस एके दिवशी ती तुटते किंवा शेजारच्या पट्टीला जाऊन भिडते. या घटनेला इलेक्ट्रोमायग्रेशन म्हणतात. जेम्स ब्लॅक या संशोधकाने १९६९ मध्ये तिच्याविषयी जे समीकरण मांडले, त्यानुसार ॲल्युमिनियमच्या अशा पट्टीचे आयुष्य प्रवाहाच्या घनतेच्या वर्गाच्या व्यस्त प्रमाणात असते, आणि तापमान वाढले की ते आणखी वेगाने घटते. प्रवाह दुप्पट केला तर, तापमान तेच राहिले असे धरूनही, आयुष्य चौथ्या हिश्श्यावर येते. महिनाभराच्या अनुभवाला या हिशेबात काहीच किंमत नाही. शिवाय घरातील शोभेच्या वस्तूत चिप लवकर निकामी झाली तर एक चिपच जाईल. शेतावरच्या पंपाच्या नियंत्रणात गेली तर उभे पीक जाईल.

पिनेची हद्द पाळली म्हणजे काम संपले असे मात्र नाही, कारण तिच्या बाहेर आणखी एक कुंपण आहे आणि त्याच्याही बाहेर आणखी एक. चिपच्या सर्व पिनांतून वाहणारा प्रवाह शेवटी तिच्या पुरवठ्याच्या आणि ग्राउंडच्या मोजक्याच पायांतून ये-जा करतो, आणि त्या पायांसाठी २०० मिलिअँपिअरची कमाल मर्यादा घातलेली आहे. मधल्या पातळीवर पिनांचे गट पाडलेले आहेत : ऊनोच्या ५ ते १३ या नऊ डिजिटल पिना चिपच्या एकाच गटात मोडतात, आणि त्या गटाने मिळून १५० मिलिअँपिअरपेक्षा जास्त प्रवाह बाहेर देऊ नये व १०० पेक्षा जास्त आत ओढू नये, असा दंडक आहे. या नऊही पिनांतून एलईडी ग्राउंडकडे जोडले तर प्रत्येकाच्या वाट्याला सोळा-साडेसोळा मिलिअँपिअर येतात. तेच उलटे, पाच व्होल्टांकडून पिनेकडे, जोडले तर जेमतेम अकरा. उत्साही विद्यार्थी बारा-तेरा एलईडींची माळ करतो, प्रत्येकास १८ मिलिअँपिअर देतो, प्रत्येक पिन आपापल्या हद्दीत आहे अशी समजूत करून घेतो, आणि एकूण बेरीज २०० च्या पलीकडे गेलेली आहे हे त्याच्या ध्यानातही येत नाही. अशी बेरीज कागदावर मांडल्याशिवाय तार जोडू नये, ही शिस्त पहिल्या दिवसापासून लावली पाहिजे.

एलईडीचा विषय निघालाच आहे, तर रोधकाविषयी दोन शब्द लिहिणे प्राप्त आहे. तांबड्या एलईडीवर दोन व्होल्टांच्या आसपास विभवांतर पडते. उरलेले तीन व्होल्ट कोणी तरी धारण केलेच पाहिजेत, आणि त्यासाठी २२० ओहमचा रोधक घातला तर प्रवाह साधारण साडेतेरा मिलिअँपिअरवर, ३३० चा घातला तर नऊवर राहतो. रोधक न घालताही एलईडी लागतो, कारण मघाचा २५ ओहमचा आतला रोधच ते ओझे उचलतो. म्हणजे ज्या ट्रान्झिस्टरला जपावयाचे त्यालाच रोधकाच्या कामास जुंपलेले असते. ‘लागतो ना, मग झाले’ असे म्हणून ज्या ठिकाणी मुलांना रोधकाविना एलईडी जोडू दिला जातो, तेथे विद्युत्शास्त्राचा पहिलाच धडा चुकीचा शिकवला जात आहे असे मला कळकळीने वाटते.

ऊनोवर शिकलेला आकडा दुसऱ्या बोर्डावर नेणे हीदेखील धोक्याची गोष्ट आहे. आर्डुइनोच्याच ड्यू या बोर्डावर काही पिना १५ मिलिअँपिअर देतात तर काही अवघे तीन. ब्रिटनमध्ये २०१६ साली सुमारे दहा लक्ष शाळकरी मुलांना वाटलेल्या मायक्रोबिटच्या पहिल्या आवृत्तीतील चिपची पिन नेहमीच्या स्थितीत अर्धाच मिलिअँपिअर देते, आणि जास्त प्रवाहाच्या स्थितीत पाच, तोही एका वेळी तीनच पिनांना. रास्पबेरी पाय पिको या २०२१ सालच्या बोर्डावरील आरपी२०४० या चिपमध्ये पिनेची ताकद २, ४, ८ किंवा १२ मिलिअँपिअर अशी निवडता येते; परंतु ४ निवडले म्हणून पिन ४ च्या वर जाणारच नाही असा गैरसमज कोणी करून घेऊ नये. तेवढ्या प्रवाहापर्यंत विभवांतर हमीप्रमाणे राहील, इतकाच त्या निवडीचा अर्थ. त्यापुढे जाण्यास चिप आडकाठी करीत नाही. सर्व पिनांची मिळून या चिपची मर्यादा ५० मिलिअँपिअर आहे, म्हणजे ऊनोच्या मर्यादेचा चौथा हिस्सा.

आता चिप सोडून बोर्डाकडे वळू. ऊनोला वीज दोन प्रमुख वाटांनी येते. पहिली यूएसबीची. यूएसबी २.० च्या नियमाप्रमाणे संगणकाने रीतसर मंजुरी दिल्यावर उपकरणास ५०० मिलिअँपिअर घेता येतात, आणि त्या वाटेवर ऊनोने स्वतःचा एक पॉलिफ्यूज बसवलेला आहे, जो तापला की त्याचा रोध एकाएकी वाढतो आणि थंड झाला की पुन्हा पूर्ववत होतो. तो ५०० मिलिअँपिअर बेलाशक वाहू देतो, पण तुटतो मात्र एक अँपिअरच्या आसपास, आणि तोही काही काळ घेऊन. मधल्या पट्ट्यात तो काय करील याची कोणालाच खात्री देता येत नाही. शिवाय त्याचा कारभार उष्णतेवर चालत असल्यामुळे भोवतालची हवा तापली की त्याची क्षमता उतरते, हे चंद्रपूर-नागपूरकडील वाचकांनी वैशाखात विशेष ध्यानात ठेवावे. पॉलिफ्यूज हा अपघातापासून संगणकाला वाचवणारा पहारेकरी आहे. नित्याच्या वापरात प्रवाहास आळा घालण्याचे काम त्याच्यावर सोपवू नये.

दुसरी वाट गोल जॅकची, आणि विचार करण्याजोगी खरी गोष्ट येथे आहे. जॅकला ७ ते १२ व्होल्ट द्यावेत अशी शिफारस आहे, आणि त्यांतून पाच व्होल्ट करण्याचे काम एनसीपी१११७ या जातीचा रेग्युलेटर करतो. एक अँपिअरपर्यंत देऊ शकतो असे त्याच्याविषयी लिहिलेले असते, आणि त्या एका वाक्याने कित्येकांची दिशाभूल केलेली आहे. हा रेग्युलेटर रेषीय जातीचा आहे. म्हणजे बाहेर जितका प्रवाह तितकाच आत, आणि आत-बाहेरच्या विभवांतराचा जो फरक, त्याला प्रवाहाने गुणले म्हणजे येणारी सारी शक्ती तो उष्णतेच्या रूपाने उधळून टाकतो. जॅकला १२ व्होल्ट दिले, वाटेतल्या डायोडने त्यांतले ०.७ घेतले, तर रेग्युलेटरवर ६.३ व्होल्टांचा फरक उरतो. २०० मिलिअँपिअरला तेथे सव्वा वॅट उष्णता निर्माण होते, ४०० ला अडीच वॅट. बोटाच्या नखापेक्षाही लहान असलेल्या त्या तुकड्याला थंड राहण्यासाठी बोर्डावरील तांब्याच्या पातळ पत्र्याखेरीज दुसरा आधार नसतो. वॅटमागे तापमान ६० अंशांनी चढते असे अंदाजाने धरले, तर २०० मिलिअँपिअरला ते ७५ अंशांनी वाढेल, आणि ४०० ला दीडशे अंशांनी. खोलीचे ३५ त्यात मिळवले, तर दुसऱ्या स्थितीत आतले तापमान १८५ होते, जे या रेग्युलेटरला मानवणारे नाही. तो अशा वेळी जळत नाही, कारण त्याच्या पोटात उष्णतेपासून रक्षणाची तजवीज केलेली असते. तो आपण होऊन बंद पडतो, निवतो, पुन्हा चालू होतो, आणि बोर्ड दर काही क्षणांनी नव्याने सुरू होताना पाहून वापरणारा मनुष्य आपल्या प्रोग्राममध्ये दोष शोधीत बसतो.

हीच गणिते साडेसात व्होल्टांनी केली, तर फरक जेमतेम १.८ व्होल्टांवर येतो आणि ४०० मिलिअँपिअरलाही उष्णता पाऊण वॅटच्या पुढे जात नाही. जॅकला जास्त व्होल्ट म्हणजे बोर्डाला जास्त बळ, ही समजूत या रेषीय रेग्युलेटरच्या बाबतीत नेमकी उलटी आहे. जेथे मोठा प्रवाह हवा असेल तेथे पाच व्होल्टांचा चांगला अडॅप्टर किंवा बक जातीचा कन्व्हर्टर वापरून बोर्डाचा रेग्युलेटर वाटेतून वगळणे, हाच मार्ग बरा. ३.३ व्होल्टांच्या पिनेतून ५० मिलिअँपिअर घ्यावेत अशी ऊनोची मर्यादा आहे. वायफायचे मॉड्यूल त्यावर चालणार नाही. आणि किटांबरोबर हमखास मिळणारी नऊ व्होल्टांची चौकोनी बॅटरी? ती धुराच्या घंटेसारख्या अल्प प्रवाहाच्या उपकरणांसाठी योग्य आहे; तिच्यातल्या ऊर्जेचे नऊपैकी चार हिस्से ऊनोच्या डायोडला आणि रेग्युलेटरला तापवण्यातच जातात, आणि मोटर जोडली की तिचे विभवांतर कोसळते. मुलांच्या किटातून ती काढून टाकावी.

एवढ्या मर्यादा ऐकल्यावर वाचक विचारील, की मग या बोर्डाने मोठी कामे करावयाची कशी? याचे उत्तर पिनेचे खरे कार्य काय हे जाणण्यात आहे. मामलेदार कचेरीतील कारकुनाच्या सहीने खजिन्यातून हजारो रुपये सुटतात, पण त्यांतला एकही त्याच्या खिशातून जात नाही; पिनेचे कामही सही करण्याचे आहे, रक्कम मोजण्याचे नव्हे. पुरवठा निराळ्या ठिकाणाहून यावा, आणि पिनेने फक्त तो केव्हा सुटावा आणि केव्हा थांबावा याचा हुकूम द्यावा, हे तत्त्व एकदा मनात ठसले की पुढची सारी रचना आपोआप सुचू लागते.

उदाहरणार्थ, बाजारात सर्रास मिळणारा पाच व्होल्टांचा छोटा निळा रिले घेऊ. त्याच्या कुंडलाचा रोध सुमारे ७० ओहम, म्हणजे त्याला ७१ मिलिअँपिअर लागतात. पिनेने तो थेट चालवणे हद्दीबाहेरचे आहे. म्हणून मध्ये एनपीएन जातीचा ट्रान्झिस्टर घालावा. बीसी५४७ ची कमाल मर्यादा १०० मिलिअँपिअर असल्याने तो चालेलही, परंतु ७१ आणि १०० यांत फारशी शिल्लक उरत नाही. ८०० मिलिअँपिअरचा बीसी३३७ त्याच किमतीच्या आसपास मिळत असताना काठावर का उभे राहावे? ट्रान्झिस्टर पुरता वाहावा म्हणून कुंडलाच्या प्रवाहाचा दहावा हिस्सा, म्हणजे सात मिलिअँपिअर, त्याच्या बेसमध्ये सोडावा. पाच व्होल्टांतून बेसवर पडणारे ०.७ वजा केले आणि पिनेची थोडी घसरण धरली, तर ५६० ओहमचा रोधक जुळतो. पिनेने सात मिलिअँपिअर दिले, आणि पुरवठ्याने ७१.

याच ठिकाणी कुंडलाला समांतर, पट्टा पाच व्होल्टांच्या बाजूस येईल असा, एक डायोड बसवणे अत्यावश्यक आहे. कुंडलातून प्रवाह वाहत असताना त्याच्या चुंबकीय क्षेत्रात ऊर्जा साठलेली असते. ट्रान्झिस्टर एकाएकी बंद झाला तरी तो प्रवाह तत्क्षणी थांबू शकत नाही. वाट न मिळाल्याने तो कुंडलाच्या टोकांवर शेकड्यांनी व्होल्ट उभे करून ट्रान्झिस्टर फोडतो. डायोडने त्याला कुंडलातल्या कुंडलात फिरण्याची वाट मिळते आणि ऊर्जा निवांतपणे उष्णतेत विरून जाते. एकापेक्षा अधिक रिले असतील तर यूएलएन२००३ ही चिप घ्यावी. तिच्यात असे सात जोड-ट्रान्झिस्टर डायोडांसह तयार असतात.

अँपिअरांच्या घरातील प्रवाहासाठी मॉस्फेट सोयीचा, कारण त्याच्या गेटला स्थिर अवस्थेत प्रवाह जवळजवळ लागतच नाही. मात्र दुकानातून आणताना अक्षरे नीट वाचावीत. आयआरएफझेड४४एन हा गेटला दहा व्होल्ट मिळाल्यावरच आपल्या लिहिलेल्या गुणांनिशी उघडतो. ऊनोच्या पाच व्होल्टांना तो अर्धवट उघडून तापतो. आयआरएलझेड४४एन मात्र पाच व्होल्टांनाच ०.०२५ ओहमपर्यंत उतरतो, म्हणजे दोन अँपिअरलाही त्यात दशांश वॅटच उष्णता होते; तथापि ३.३ व्होल्टांच्या बोर्डांसाठी त्याचीही हमी लिहिलेली नाही. गेट आणि ग्राउंड यांमध्ये दहा किलोओहमचा रोधक अवश्य घालावा, कारण बोर्ड चालू होताना, प्रोग्रामचा अंमल सुरू होण्यापूर्वी, सर्व पिना क्षणभर बेवारस असतात आणि त्या क्षणी मोटर आपोआप फिरू लागण्याचा धोका असतो.

उरला क्षणिक प्रवाहांचा प्रश्न, ज्याने सरासरीचे सगळे हिशेब कोलमडतात. छोटी सर्व्हो मोटर स्वस्थ असताना काही मिलिअँपिअरच घेते, पण तिचा हात अडला की अर्ध्या अँपिअरच्या वर जाते. ईएसपी३२ हा वायफाय असलेला बोर्ड संदेश प्रक्षेपित करताना २४० मिलिअँपिअरपर्यंत उसळी घेतो, आणि म्हणूनच त्याच्या निर्मात्यांनी किमान ५०० मिलिअँपिअरचा पुरवठा मागितलेला आहे. अशा उसळीच्या वेळी यूएसबीच्या बारीक तारेतच काही दशांश व्होल्ट पडतात. ऊनोच्या चिपमध्ये विभवांतर फार घसरल्यास तिला थांबवणारी यंत्रणा आहे, पण ती जागी होते २.७ व्होल्टांना, आणि १६ मेगाहर्ट्झच्या गतीने बिनचूक चालण्यासाठी चिपला डेटाशीटच्या आलेखाप्रमाणे सुमारे ३.८ व्होल्ट लागतात. या दोन आकड्यांच्या मध्ये जो पट्टा आहे त्यात चिप चालू तर असते, परंतु ती बरोबरच चालेल अशी हमी कोणी दिलेली नाही. नोंदी विचित्र येणे, साठवलेला मजकूर बिघडणे, हे प्रकार या पट्ट्यातून जन्म घेतात.

मिलिसेकंदभराच्या उसळीवर कपॅसिटर हा उत्तम उपाय आहे. २०० मिलिअँपिअरची तूट एक मिलिसेकंद भरून काढावयाची आणि तेवढ्या वेळात विभवांतर ०.४ व्होल्टांहून जास्त घसरू द्यावयाचे नाही, तर ५०० मायक्रोफॅरड हवेत. बाजारात ४७० चा मिळतो, तो बोर्डाच्या अगदी जवळ बसवावा. अडलेली सर्व्हो मोटर मात्र सेकंद-सेकंद प्रवाह मागते, आणि तेथे कपॅसिटर पुरा पडणार नाही. तिला स्वतंत्र पाच व्होल्टांचा पुरवठाच दिला पाहिजे. रंगीत एलईडींच्या पट्टीचेही तेच. डब्ल्यूएस२८१२बी जातीचा एक एलईडी पूर्ण पांढरा उजळला तर ६० मिलिअँपिअर घेतो. मीटरला साठ एलईडी असलेली पट्टी त्या हिशेबाने ३.६ अँपिअर मागते, जी मागणी पुरवण्याची ऊनोच्या कोणत्याही वाटेची प्राज्ञा नाही. पुरवठे दोन झाले तरी ग्राउंड एकच असले पाहिजे. बोर्डाचे आणि मोटरच्या पुरवठ्याचे ग्राउंड एकमेकांस जोडलेले नसेल, तर पिनेच्या हुकमाला संदर्भच उरत नाही आणि मोटर थरथरत राहते किंवा हलतच नाही.

हे सर्व कागदावर मांडून झाल्यावरही प्रत्यक्ष मापन करावे, आणि पिनेच्या बाबतीत त्याची एक सोपी रीत आहे, जिच्यासाठी तार तोडावी लागत नाही. मल्टिमीटर व्होल्टांच्या पट्ट्यावर ठेवावा, काळे टोक ग्राउंडवर आणि तांबडे पिनेवर टेकवावे, पिन ‘हाय’ करून जोडलेले उपकरण चालू असताना वाचन घ्यावे, आणि लगेच बोर्डाच्या पाच व्होल्टांच्या पिनेवरचे वाचनही घ्यावे, कारण यूएसबीवर ते नेमके पाच क्वचितच असतात. दोहोंतील फरक पाव व्होल्टाच्या आसपास असेल, तर २५ ओहमच्या हिशेबाने प्रवाह दहा मिलिअँपिअरच्या जवळपास आहे. अर्ध्या व्होल्टाचा असेल तर वीसच्या. आणि फरक ०.८ व्होल्टांच्या पलीकडे गेलेला दिसला, तर दुसरे काही तपासण्याआधी तार काढावी आणि ट्रान्झिस्टर आणावयास जावे.